बारा वर्षांचा आरंभ : वाटणीच्या दाव्यांतील कालमर्यादेचा आढावा

वैनगंगेच्या पश्चिमेस ब्रह्मपुरी तालुक्यात आणि नदीपलीकडे वडसा-आरमोरीकडील गावांत शेतकरी कुटुंबाची मिळकत म्हणजे बहुधा धानाच्या काही बांध्या, त्यांना ओलित पुरविणारी एखादी बोडी, पाळीवरील आंबा-मोहाची झाडे आणि गावठाणातील घर एवढीच असते. ही मिळकत आजोबांच्या नावावरून मुलांच्या आणि मुलांवरून नातवांच्या नावांवर फेरफाराने उतरत जाते. कसण्याच्या सोयीसाठी एक भाऊ वरच्या बांध्या आणि दुसरा खालच्या बांध्या वाहू लागतो. तिसरा नोकरीनिमित्त नागपूर, चंद्रपूर किंवा बल्लारपूरची वाट धरतो. बहिणी सासरी जातात. आणि या सर्व काळात नोंदणीकृत वाटणीपत्र मात्र क्वचितच केले जाते. पुढे तीस-चाळीस वर्षांनी जमिनीस भाव येतो, किंवा गोसीखुर्द प्रकल्पाच्या उजव्या कालव्यासारख्या कामासाठी तिचे संपादन होऊन मोबदल्याचा प्रश्न निघतो, आणि तेव्हा दूर गेलेल्या भावाचा मुलगा अथवा सासरी गेलेली बहीण ब्रह्मपुरीच्या दिवाणी न्यायालयात वाटणीचा दावा दाखल करते. त्यावर येणाऱ्या कैफियतीत एक वाक्य जवळजवळ ठरलेले असते : दावा मुदतबाह्य आहे.

या एका वाक्यात तीन निरनिराळे प्रश्न गुंतलेले आहेत. वाटणी मागण्यास कायद्याने काही मुदत घालून दिली आहे काय. घालून दिली असल्यास ती कोणत्या दिवसापासून मोजावयाची. आणि न्यायालयाने हिस्सा ठरवून दिल्यानंतर तो प्रत्यक्ष ताब्यात घेण्याच्या वाटेवर पुन्हा एखादी मुदत आड येते काय. पहिल्या आणि तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर आज पुष्कळसे स्थिरावले आहे. दुसऱ्याचे तसे झालेले नाही, आणि प्रस्तुत आढाव्यात त्यालाच अधिक जागा द्यावी लागणार आहे.

पूर्वपीठिका

काळ लोटल्याने हक्क नष्ट व्हावा की नाही, हा वाद इंग्रजी अमदानीने या देशात आणला असे समजणे बरोबर नाही. मालक पाहात असून काही बोलत नाही आणि परका माणूस जमीन भोगतो, अशा स्थितीत जमिनीच्या बाबतीत वीस वर्षांनी आणि इतर धनाच्या बाबतीत दहा वर्षांनी हानी होते, असे याज्ञवल्क्यस्मृतीत सांगितले आहे. आणि लगेच पुढे गहाण, सीमा, ठेव, अज्ञान बालकांचे धन, राजाचे धन, स्त्रियांचे धन इत्यादींचे अपवाद दिले आहेत. विज्ञानेश्वराने मिताक्षरेत या हानीचा अर्थ संकुचित केला : हानी होते ती उपभोगून संपलेल्या उत्पन्नाची, मूळ भूमीवरील स्वामित्वाची नव्हे. एकत्र कुटुंबाच्या बाबतीत तर शास्त्रकारांची दृष्टी याहूनही उदार होती. परदेशी गेलेल्या दायादाचा वंशज परत आल्यास सातव्या पिढीपर्यंतही त्याला अंश द्यावा, असे बृहस्पतीचे मत निबंधकारांनी उद्धृत केलेले आढळते. महामहोपाध्याय पां. वा. काणे यांनी धर्मशास्त्राच्या इतिहासाच्या तिसऱ्या खंडात या सर्व वचनांचा परामर्श घेतला आहे. तो वाचताना असे ध्यानात येते की, दीर्घ भोगाला मान द्यावा आणि रक्ताच्या नात्याला काळाची बाधा होऊ नये, या दोन्ही प्रेरणा त्या परंपरेत प्रारंभापासून शेजारी शेजारी नांदत होत्या.

ब्रिटिश हिंदुस्थानासाठी मुदतीचा पहिला सर्वसाधारण कायदा १८५९ चा. एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत हिस्सा मागण्यास त्याने बारा वर्षांची मुदत ठेवली आणि ती मूळ पुरुषाच्या मृत्यूपासून, अथवा हिश्श्यापोटी वादीला शेवटची रक्कम दिली गेली त्या दिवसापासून मोजावयाची असे ठरविले. परिणामी वडिलांच्या पश्चात गुण्यागोविंदाने एकत्र राहिलेल्या भावांचा हक्कही, केवळ काही देणेघेणे झाल्याचा पुरावा नाही म्हणून, बुडण्याची भीती उत्पन्न झाली. १८७१ च्या कायद्याने आरंभबिंदू बदलला. वादीने हिस्सा मागावा आणि तो नाकारला जावा, तेथून बारा वर्षे. १८७७ मध्ये तो पुन्हा बदलून, वादीला आपण मिळकतीतून वगळले गेलो आहोत हे ज्ञात झाले त्या दिवसापासून बारा वर्षे, असे शब्द आले. हेच शब्द १९०८ च्या कायद्यात १२७ व्या अनुच्छेदात राहिले, आणि विधि आयोगाने १९५६ च्या आपल्या तिसऱ्या अहवालात मुदतीच्या कायद्याचा समग्र विचार केल्यानंतर झालेल्या १९६३ च्या विद्यमान कायद्यात ते ११० व्या अनुच्छेदात उतरले. बारा हा आकडा अशा रीतीने १८५९ पासून अढळ राहिला. सरकत गेला तो आरंभ : प्रथम मृत्यूच्या दिवसावरून नकाराच्या दिवसावर, आणि तेथून जाणिवेच्या दिवसावर. मृत्यूचा दिवस बाहेरून सिद्ध करता येतो. जाणिवेचा दिवस मनुष्याच्या अंतःकरणात घडतो, आणि तो सिद्ध करण्यासाठी न्यायालयाला आजूबाजूच्या वर्तनावरून अनुमान करावे लागते. आजच्या बहुतेक वादाचे मूळ येथे आहे.

चांदा जिल्ह्याचा वारसा

या भागातील दाव्यांना एक स्थानिक पार्श्वभूमी आहे आणि ती ध्यानात घेतल्यावाचून येथील कागदपत्रांचा अर्थ लागत नाही. नागपूरकर भोसल्यांचे राज्य तिसऱ्या रघुजींच्या निधनानंतर खालसा झाले, १८६१ मध्ये मध्य प्रांताची स्थापना झाली, आणि त्याच दशकात मेजर लुसी स्मिथ यांनी चांदा जिल्ह्याचा बंदोबस्त करून मालगुजारांना गावाच्या मालकीचे हक्क दिले. गाव अथवा महाल ही महसुलाची एकके झाली. कुटुंबातील हिस्से आणे-पैंत नोंदले गेले. आणि सरकारास जबाबदार असा एक लंबरदार नेमला जाऊन त्याने सर्व हिस्सेदारांच्या वतीने वसुली करावी, सरकारी रक्कम भरावी आणि शिल्लक नफा ज्याच्या त्याच्या हिश्श्याप्रमाणे वाटावा, अशी व्यवस्था रूढ झाली. तेव्हा लंबरदाराचा ताबा हा स्वभावतःच इतरांच्या वतीने असलेला ताबा होता, आणि त्याने वीस वर्षे वहिवाट केली एवढ्यावरून भाऊबंदांना त्याने वगळले असे कोणी म्हणू शकत नव्हते. आजही जेव्हा प्रतिवादी आजोबांच्या एकट्याच्या नावाचा जुना उतारा पुढे करतो, तेव्हा ते नाव मालक म्हणून लागले होते की लंबरदार अथवा कर्ता म्हणून, हे प्रथम तपासावे लागते.

मध्य प्रदेशाच्या १९५० च्या मालकी हक्क निर्मूलनाच्या कायद्यान्वये ३१ मार्च १९५१ रोजी गावे सरकारजमा झाली. मालगुजारांकडे राहिली ती घरची शेती, म्हणजे सीर आणि खुदकाश्त. मोठे तलाव शासनाकडे गेले आणि ‘माजी मालगुजारी तलाव’ या नावाने ओळखले जाऊ लागले. खाजगी धाऱ्यातील लहान बोड्या मात्र कुटुंबांकडे राहिल्या. पुढे १९५४ ची मध्य प्रदेश जमीन महसूल संहिता, त्या काळात तयार झालेले अधिकार अभिलेख, १९५८ चा विदर्भाचा कुळकायदा, १९६१ चा शेतजमीन कमाल धारणेचा कायदा आणि १९६६ ची महाराष्ट्राची महसूल संहिता अशी एकामागून एक स्थित्यंतरे झाली. यांपैकी कमाल धारणेच्या कायद्याचा परिणाम वाटणीच्या वादांवर विशेष झाला आहे. त्या कायद्याखालील चौकशीत अनेक कुटुंबांनी आमची वाटणी पूर्वीच झाली आहे अशी निवेदने केली. त्यांतील काही वाटण्या खऱ्या असतील, काही केवळ जमीन वाचविण्यापुरत्या असतील. दोन पिढ्यांनंतर तेच कागद दिवाणी दाव्यात येतात. एक पक्ष म्हणतो की वाटणी तेव्हाच झाली आणि मुदत केव्हाच संपली. दुसरा म्हणतो की ती कागदोपत्री वाटणी होती, वहिवाट एकत्रच होती. सत्य काय ते सांगणारी माणसे तोवर हयात नसतात.

विद्यमान कायद्यातील मांडणी

आजचा कायदा समजून घ्यावयाचा तर कुटुंबाची स्थिती कोणती, हे आधी ठरवावे लागते. कुटुंब एकत्रच आहे आणि वादीला मिळकतीतून वगळले आहे, असे असेल तर ११० वा अनुच्छेद लागू होतो आणि वगळल्याचे ज्ञान झाल्यापासून बारा वर्षे मोजावयाची. कुटुंब दर्जाने विभक्त झाले आहे, पण मिळकतीचे प्रत्यक्ष तुकडे पडलेले नाहीत, अशी स्थिती असेल तर सारे भाऊबंद सामाईक मालक ठरतात आणि प्रश्न ६५ व्या अनुच्छेदाखाली जातो. तेथेही मुदत बारा वर्षांचीच, पण ती प्रतिवादीचा कबजा वादीविरुद्ध प्रतिकूल झाला त्या दिवसापासून. मिळकत तिऱ्हाइताला विकली गेली असेल तर आणखी काही अनुच्छेद पुढे येतात.

दर्जाने विभक्त होणे आणि प्रत्यक्ष वाटप होणे या दोहोंतील भेद प्रिव्ही कौन्सिलने १८६६ च्या अप्पूव्हियर खटल्यात मांडला आणि १९१६ साली गिरिजाबाई विरुद्ध सदाशिव धुंडिराज या खटल्यात तो पूर्णत्वास नेला. हा दुसरा खटला आपल्याच मध्य प्रांतातील, नागपूरच्या ज्युडिशियल कमिशनरच्या न्यायालयाकडून अपिलात गेलेला होता. एका सहदायादाने विभक्त होण्याचा निःसंदिग्ध मनोदय इतरांस कळविला की त्याचा दर्जा तत्क्षणी विभक्त होतो, इतरांची संमती लागत नाही, असे त्यात ठरले. यामुळे पुढे एक चमत्कारिक परिणाम संभवला : भावाने रागाच्या भरात पाठविलेली एक नोटीस त्याला ११० व्या अनुच्छेदाच्या कक्षेतून उचलून ६५ व्याच्या कक्षेत नेऊन ठेवू शकते.

सामाईक मालकांच्या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाने १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या लक्ष्मी रेड्डी खटल्यात जे तत्त्व सांगितले ते आजतागायत टिकून आहे. एका सहवारसाचा ताबा हा कायद्याच्या दृष्टीने सर्वांचा ताबा होय. तो केवळ दीर्घ आहे म्हणून प्रतिकूल होत नाही. इतरांचा हक्क उघडपणे, त्यांना कळेल अशा रीतीने नाकारून त्यांना बेदखल केले पाहिजे, आणि ते शाबीत करण्याचा भार तसे म्हणणाऱ्यावर आहे. १९९५ च्या विद्या देवी खटल्यात याच विचाराने असे म्हटले गेले की वाटणीच्या दाव्यास कायद्याने स्वतंत्र मुदत नेमून दिलेलीच नाही. बेदखली शाबीत झाली तरच काळ चालू लागतो. दुसऱ्या बाजूस, एकदा तो चालू लागून पुरा झाला की मुदतीच्या कायद्याच्या २७ व्या कलमाने हक्कच लयास जातो. आणि ३ ऱ्या कलमाने, प्रतिवादीने मुद्दा घेतला नसला तरी मुदतबाह्य दावा फेटाळण्याचे कर्तव्य न्यायालयावर येते. विलंब माफ करण्याची ५ व्या कलमातील सवलत अपिले आणि अर्ज यांना आहे, मूळ दाव्यांना नाही. म्हणून आरंभाचा दिवस एका वर्षाने मागे-पुढे झाला तरी हिस्सा राहतो किंवा जातो.

या मांडणीवर जे दोन पक्ष उभे राहतात त्यांची बाजू नीट समजून घेतली पाहिजे.

एका पक्षाचे म्हणणे असे की, कुटुंब हा व्यवहार विश्वासावर चालतो. धाकट्या भावाने बल्लारपूरच्या कागद कारखान्यात नोकरी धरली आणि थोरल्याने शेती केली, तर धाकट्याने दरवर्षी हिशेब मागावा, नोटीस द्यावी, कोर्टात जावे अशी अपेक्षा धरणे म्हणजे मुदत वाचविण्यासाठी त्याला भांडण उभे करावयास भाग पाडणे होय. सातबाऱ्यावर एकट्या थोरल्याचे नाव लागले, त्याने सारा भरला, बोडीची पाळ दुरुस्त केली, सोसायटीचे कर्ज काढले, ही सर्व कृत्ये कर्ता या नात्यानेही तो करीतच असतो. त्यांतून नकार दिसत नाही. फेरफाराची नोंद महसुलापुरती असते, तिने मालकी मिळतही नाही आणि जातही नाही, हे तर न्यायालयांनी पुनःपुन्हा सांगितले आहे. दिवाळीनंतर धान निघाल्यावर शहरातील भावाकडे तांदळाचे एखादे पोते जात असेल, तर ते पोते हाच हक्क मान्य असल्याचा पुरावा होय. या युक्तिवादात १८५९ च्या कायद्यातील ‘शेवटची रक्कम’ पुन्हा जिवंत झालेली दिसते. फरक इतकाच की तेव्हा ती मुदतीचा आरंभ होती, आज ती मुदत सुरूच न झाल्याचे लक्षण मानली जाते.

दुसरा पक्ष काळाची बाजू मांडतो. ज्याने चाळीस वर्षे शेत राखले, पडीत तोडून बांध्या घातल्या, विहीर खोदली, त्याच्या मुलांना आपला ताबा स्थिर आहे असे मानण्याचा अधिकार कधीतरी मिळालाच पाहिजे. तोंडी वाटणी ही या प्रदेशातील सर्वमान्य रीत होती. पंच बसले, धुरे ठरले, ज्याने त्याने आपापले नांगर घातले, आणि कागद झाला नाही तो अविश्वास नव्हता म्हणून. अशी वाटणी पाहिलेले पंच वारले की त्यांच्या साक्षीअभावी खरी वाटणी खोटी ठरावी, हा त्या पिढीवर अन्याय होतो. शिवाय मिळकत विकत घेणारा तिऱ्हाईत प्रामाणिक असू शकतो. तेव्हा पृथक् वहिवाट, पृथक् सारा, पृथक् कर्ज आणि दीर्घकाळचे मौन या चारही गोष्टी एकत्र आल्यास त्यांवरून बेदखलीची जाणीव होती असे अनुमान काढावे, असे या पक्षाचे म्हणणे आहे; आणि अनेक वर्षांच्या निष्क्रियतेवरून असे अनुमान काढल्याची उदाहरणे न्यायनिर्णयांत नाहीत असेही नाही.

मला स्वतःला पहिल्या पक्षाचे तत्त्व अधिक ग्राह्य वाटते, पण दुसऱ्याने दाखविलेली पुराव्याची अडचण खरी आहे. सोयीची वहिवाट आणि पक्की वाटणी यांचे बाह्य स्वरूप बांधावर उभे राहून पाहिले तर एकसारखेच दिसते, आणि तलाठ्याचे दप्तर त्या दोहोंतील भेद टिपून ठेवण्यासाठी निर्माण झालेलेच नाही.

तिऱ्हाइताला झालेल्या विक्रीविषयी मतभेद अधिक उघड आहे. खरेदीखत रद्द करून मागण्यास ५९ व्या अनुच्छेदाने तीन वर्षे. मालकीच्या आधारे ताबा मागण्यास ६५ व्याने बारा. वाटणीच्या दाव्यात दोन्ही मागण्या एकत्र येतात, तेव्हा कोणती मुख्य? २०१९ च्या सोपानराव खटल्यात मालकी आणि ताबा हे मूळ धरून बारा वर्षे मानली गेली. २०२२ च्या राजपाल सिंग खटल्यात खत रद्द करणे हीच मुख्य मागणी ठरल्याने तीन. ज्या खतात वादी स्वतः पक्षकार नाही ते रद्द करून मागण्याची त्याला आवश्यकताच नसते, आपल्या हिश्श्यापुरते ते बंधनकारक नाही एवढे म्हणणे पुरे, असाही विचार दृढ आहे. ब्रह्मपुरीसारख्या ठिकाणी याचा व्यावहारिक परिणाम असा होतो की अर्जीची शब्दयोजना कशी केली यावर मुदत ठरते, आणि दावा पुराव्यापर्यंत न पोचता आरंभीच नामंजूर व्हावा असा अर्ज प्रतिवादीकडून येतो. वडिलांनी केलेल्या विक्रीस मुलाने हरकत घेण्यास १०९ वा अनुच्छेद खरेदीदाराच्या ताब्यापासून बारा वर्षे देतो. अज्ञानांच्या बाबतीत ६ ते ८ ही कलमे सवलत देतात, तथापि कुटुंबाचा कर्ता व्यवहार पाहण्यास समर्थ असेल तेथे ७ व्या कलमाने ती सवलत आकुंचित होते.

कन्यांचा हक्क आणि काळ

गेल्या तीस वर्षांत या प्रश्नात जी नवी भर पडली ती कन्यांच्या हक्काने. १९५६ च्या वारसा कायद्याने कन्येला वडिलांच्या हिश्श्यात वारसा दिला होता. १९७८ च्या गुरुपाद मगदूम खटल्यात न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी मृत्युसमयीची काल्पनिक वाटणी तिच्या सर्व परिणामांसह गृहीत धरून स्त्री-वारसांचा हिस्सा वाढविला. महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून त्या दिवशी अविवाहित असलेल्या कन्यांना सहदायाद केले. केंद्राच्या दुरुस्तीने ९ सप्टेंबर २००५ पासून विवाहित-अविवाहित हा भेद गेला. आणि वडील त्या दिवशी हयात असले पाहिजेत काय, या वादाचा निकाल विनिता शर्मा खटल्यात ११ ऑगस्ट २०२० रोजी लागून कन्येचा हक्क जन्मतःच असल्याने तशी आवश्यकता नाही असे ठरले. २० डिसेंबर २००४ पूर्वी झालेल्या वाटण्या सुरक्षित राहिल्या. परंतु तोंडी वाटणीचा बचाव सार्वजनिक दस्तऐवजांचा आधार असल्याशिवाय सहसा स्वीकारू नये, असा दंडकही त्याच निर्णयाने घालून दिला. वर सांगितलेले कमाल धारणेचे जुने कागद यामुळे एकाएकी मौल्यवान झाले आहेत.

मुदतीचा प्रश्न मात्र येथे मोकळाच राहिला आहे. एका मताने कन्येचा सहदायादत्वाचा हक्क २००५ साली उत्पन्न झाला, तेव्हा भाऊ एकटेच भोगवटा करीत होते हे तिला ठाऊकच होते, म्हणून बारा वर्षे २०१७ च्या सप्टेंबरात पुरी झाली. नंतरच्या न्यायनिर्णयाने कायद्याचा अर्थ स्पष्ट झाला एवढ्यावरून संपलेली मुदत पुन्हा जिवंत होत नाही. उलट मताने, भाऊ कसत आहेत हे ठाऊक असणे आणि आपला हक्क नाकारला आहे हे ठाऊक असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सासरी गेलेल्या बहिणीने माहेरची शेती न कसणे हा लोकव्यवहार आहे, त्यातून वगळणुकीची जाणीव अनुमानिता येत नाही. आणि जो हक्क आहे की नाही याविषयी २०१५ ते २०२० या काळात खुद्द सर्वोच्च न्यायालयाच्या खंडपीठांत एकमत नव्हते, तो नाकारला गेल्याची जाणीव तिला कशी व्हावी? दुसरे मत मला अधिक न्याय्य वाटते. तरी या मुद्द्यावर निर्णायक म्हणता येईल असा विचार अद्याप व्हावयाचा आहे.

हक्कसोडपत्राचा प्रश्न याला जोडूनच येतो. वडिलांच्या तेराव्यानंतर वारस नोंदीच्या निमित्ताने बहिणींच्या सह्या घेतल्या जातात. ते हक्कसोडपत्र नोंदणीकृत असेल तर पुढे फसवणूक झाल्याचे सांगून ते रद्द करून मागण्यास फसवणूक कळल्यापासून तीनच वर्षे मिळतात. ते साधा जबाब अथवा नोंदणी न केलेला कागद असेल तर स्थावरावरील हक्क त्याने सुटत नाही, आणि ती तीन वर्षांची मर्यादाही प्रायः आड येत नाही. कागद जितका औपचारिक, तितका बहिणीचा वेळ थोडा, असे हे प्रमाण आहे.

हुकूमनाम्यानंतर

वाटणीच्या दाव्यात प्रथम प्राथमिक हुकूमनामा होतो. त्यात हिस्से ठरतात. त्यानंतर कोर्ट कमिशनर नेमून सरस-निरस मानाने तुकडे पाडावयाचे आणि अंतिम हुकूमनामा करावयाचा. या दोन टप्प्यांमध्ये वर्षानुवर्षे निघून जातात, आणि अंतिम हुकूमनाम्यासाठी केलेला अर्ज मुदतबाह्य आहे अशी तक्रार पूर्वी पुष्कळदा होत असे. २००९ च्या शुभकरण बुबना खटल्यात न्यायमूर्ती रवींद्रन यांनी हा प्रश्न निकालात काढला : प्राथमिक हुकूमनाम्याने दावा संपत नाही, तो चालूच असतो, अर्ज ही न्यायालयाला केवळ त्याच्या उरलेल्या कामाची आठवण असते आणि आठवणीला मुदत नसते. १९२४ साली प्रिव्ही कौन्सिलने, प्राथमिक हुकूमनामा झाल्यावर वादी गैरहजर राहिला म्हणून दावा काढून टाकता येत नाही, असे सांगितले होते, त्याच विचाराचा हा विस्तार म्हणता येईल. २०२२ च्या कट्टुकांडी खटल्यात सर्वोच्च न्यायालय आणखी एक पाऊल पुढे गेले आणि प्राथमिक हुकूमनाम्यानंतर वेगळ्या अर्जाची वाट न पाहता न्यायालयाने स्वतःच प्रकरण पुढील कारवाईसाठी बोर्डावर ठेवावे, असे निदेश दिले.

यामुळे सर्व मुदती संपल्या असे मात्र कोणी समजू नये. प्राथमिक हुकूमनाम्याविरुद्ध वेळीच अपील केले नाही, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ९७ व्या कलमाने अंतिम हुकूमनाम्यावरील अपिलात तो वादग्रस्त करता येत नाही. जिल्हा न्यायालयातील अपिलाची तीस दिवसांची मुदत ज्याच्या ध्यानात राहत नाही, त्याला हिश्श्याचे प्रमाण कायमचे मान्य करावे लागते. एखादा पक्षकार वारला तर त्याचे वारस नव्वद दिवसांत अभिलेखावर आणावे लागतात. वीस-पंचवीस प्रतिवादी असलेल्या दाव्यात हे कर्तव्य वरचेवर उपस्थित होते. आणि अंतिम हुकूमनामा झाल्यावर दरखास्त देण्यास १३६ व्या अनुच्छेदाप्रमाणे बारा वर्षे आहेत. ती मुद्रांकावर हुकूमनामा उतरविल्याच्या दिवसापासून नव्हे, हुकूमनाम्याच्या तारखेपासूनच चालतात, असे २००५ च्या चिरंजी लाल खटल्यात ठरले आहे. मुद्रांक भरावयाचे टाळून स्वस्थ बसलेला पक्षकार येथे आपला हक्क गमावतो.

शेतजमिनीची गोष्ट आणखी निराळी. सरकारी सारा लागणाऱ्या जमिनीचे वाटप दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ५४ व्या कलमान्वये जिल्हाधिकाऱ्याने अथवा त्याच्या अधिकाऱ्याने करावयाचे असल्याने, ब्रह्मपुरीच्या न्यायालयातील हुकूमनामा चंद्रपूरला आणि तेथून तहसीलदाराकडे, मग भूमी अभिलेख कार्यालयाकडे मोजणीस जातो. कागद जिल्हाधिकाऱ्याकडे पाठवावेत ही विनंती दरखास्त समजावी की केवळ स्मरणपत्र, यावर जुन्या काळी, दरखास्तीस तीन वर्षांची मुदत असताना, कडाक्याचा वाद होता. आज ती स्मरणपत्र होय याकडे कल स्पष्ट आहे. परंतु न्यायालयाकडून निघालेला हुकूमनामा महसूल कचेरीत किती काळ राहावा याला मर्यादा घालणारा अनुच्छेद मुदतीच्या कायद्यात नाही, आणि तुकडेबंदीच्या कायद्याने प्रमाणभूत क्षेत्राहून लहान तुकडा पाडता येत नसल्याने तेथे काम अडून बसते. हिस्सा मागणाऱ्यावर कायद्याने काळाचे बंधन घातले. हिस्सा मोजून देणाऱ्यावर ते घातले नाही, ही विषमता अभ्यासकांनी जितक्या गांभीर्याने घ्यावयास हवी होती तितक्या गांभीर्याने घेतलेली दिसत नाही.

अनिर्णित राहिलेले

विधि आयोगाने २०२३ च्या आपल्या २८० व्या अहवालात प्रतिकूल कबजाच्या कायद्यात बदल सुचविला नाही; तेव्हा बारा वर्षे राहणार हे धरून चालले पाहिजे, आणि विचार आरंभबिंदूचाच करावा लागेल. वगळणूक ही लेखी नकारानेच सिद्ध व्हावी, किंवा नाव कमी करणाऱ्या फेरफाराची नोटीस प्रत्यक्ष बजावली गेली असल्यास तेथून काळ मोजावा, अशा दिशेने सुधारणा संभवनीय आहे. तिचा लाभ असा की जाणिवेचा दिवस पुन्हा बाहेरून सिद्ध करता येण्याजोगा होईल. तिचा धोका असा की नोटीस बजावल्याचा खोटा शेरा हा हक्क बुडविण्याचा नवा मार्ग होईल.

दुसरा प्रश्न गडचिरोली आणि चंद्रपूरच्या आदिवासी कुटुंबांचा. हिंदू वारसा कायदा त्याच्या २ ऱ्या कलमातील तरतुदीमुळे अनुसूचित जमातींना लागू नाही. गोंड कुटुंब मिताक्षरेच्या अर्थाने एकत्र कुटुंब असते असेही गृहीत धरता येत नाही, रूढी शाबीत करावी लागते. मग हिस्सा मागणाऱ्याला ११० वा अनुच्छेद उपलब्ध आहे, की त्याने सामाईक मालक म्हणून ६५ व्याखालीच यावे? जुलै २०२५ मध्ये छत्तीसगडातील एका गोंड कुटुंबाच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने समतेच्या तत्त्वावर स्त्री-वारसांचा हिस्सा मान्य केला. त्या हक्काचा काळ कोणत्या दिवसापासून मोजावा, हा प्रश्न आता याही जिल्ह्यांतील न्यायालयांपुढे येईल.

आणि शेवटी बोडीचा प्रश्न, जो धानाच्या मुलखाबाहेर फारसा कोणाला सुचणार नाही. बांध्या एका भावाने बारा वर्षांहून अधिक काळ एकट्याने वाहिल्या, दुसऱ्याला त्यांत पाऊल टाकू दिले नाही. पण बोडीचे पाणी मात्र दोघेही दरसाल पाळीने घेत राहिले. मिळकतीच्या एका भागातून वगळणूक आणि दुसऱ्या भागात सहभोग अशी ही स्थिती आहे. सामाईक पाणी हे एकत्रपणाचे चिन्ह मानून बांध्यांविषयीची मुदतही सुरू झाली नाही असे म्हणावे, की प्रत्येक मिळकतीचा काळ स्वतंत्र चालतो असे धरावे? आणि वाटणी होऊन बोडी एकाच्या हिश्श्यास गेली, तर दुसऱ्याच्या पाण्याचा हक्क १८८२ च्या सुखाधिकार कायद्याच्या १३ व्या कलमाने वाटणीबरोबरच उत्पन्न होतो, की त्याच कायद्याच्या १५ व्या कलमाप्रमाणे वीस वर्षांच्या अखंड उपभोगाने त्याला तो नव्याने मिळवावा लागतो? सुखाधिकाराचा तो कायदा प्रारंभी ज्या मोजक्या प्रांतांना लागू झाला त्यांत मध्य प्रांत होता. त्यामुळे उत्तर त्यातच शोधावे लागेल; तोवर कोर्ट कमिशनरच्या अहवालात बोडी आणि तिच्या पाण्याच्या पाळ्या यांची नोंद स्वतंत्रपणे घेणे आणि हुकूमनाम्यात त्यांविषयी स्पष्ट आदेश मागणे, एवढी सावधगिरी या भागातील पक्षकारांना आणि वकिलांना आजच घेता येण्यासारखी आहे.